मूकपटातली कबुली

शरदाचं कोवळं, केशरी, थकलेलं ऊन. मंदगामिनी, मातकट तिसा नदी. तिच्या काठी हंगेरीतलं सेगेद गाव, आणि गावातल्या भिंतीभिंतींवर वाळत घातलेल्या मिरच्यांच्या माळा. लाल, गर्द लाल, काळपट लाल. हवेतही तिखट उतरलेलं. रस्त्यानं जाणारा-येणारा उगाच डोळे पुसायचा.

बार्ना केलेमेनही डोळे पुसत चालला होता, आणि सगळा दोष मिरच्यांना देत होता. दोष दुसऱ्यावर ढकलायची त्याला सवयच होती.

नट मात्र मोठा. मेघगंभीर आवाजाचा, सिंहकटी, रुंद छातीचा. याच गावच्या रंगभूमीवर तो राजा झाला, डाकू झाला, विरहदग्ध प्रियकर झाला. आणि दर वेळी त्याच्या पायाशी, रंगमंचाच्या कडेला केलेल्या खोबणीत, प्रेक्षकांकडे पाठ करून एतेल्काबाई बसायच्या. त्या प्रॉम्प्टर. नजर त्याच्या ओठांवर. ओठ अडखळायच्या आत शब्द हजर. टाळ्या त्याला मिळायच्या, घसा त्यांचा बसायचा.

मग तो प्रयोग आला. दीपोज्ज्वल नाट्यगृह, मखमली सज्जे, ऐन शपथेचा प्रवेश, आणि बार्नाच्या डोक्यात दुपारची दारू. खालून शब्द आला. पुन्हा आला. त्याला तो स्वच्छ ऐकू आला, पण जीभ काही उचलेना. लोक हसू लागले. तेव्हा त्यानं खोबणीकडे बोट दाखवलं आणि म्हणाला, "बाई झोपल्या वाटतं!"

हशा दुप्पट झाला. दुसऱ्या दिवशी मंडळीच्या मालकांनी एतेल्काबाईंना काढून टाकलं. गावानं त्यांचं नाव 'झोपाळू बाई' ठेवलं, आणि पुढं कुठल्याच मंडळीनं त्यांना दारात उभं केलं नाही. चोर सोडून संन्याशाला सुळी म्हणतात ते हेच. चोरानं तोंडातून ब्र काढला नाही.

पुढं मूकपट आले. शब्दांवाचूनचे शोक, स्वरांवाचूनची गाणी. कॅमेऱ्याला आवाज कळत नसे, म्हणून नटनट्या वाटेल ते बोलत. मरणशय्येवरची राणी राजाला कांद्याचा भाव विचारी आणि राजा ढसाढसा रडे. एका चित्रपटात बार्नाला आईच्या पायांवर डोकं ठेवून क्षमा मागायची होती. कॅमेऱ्याची मूठ फिरू लागली आणि त्याच्या ओठांतून भलतंच आलं. "एतेल्काबाई, तुम्ही झोपला नव्हता. मी प्यालो होतो. मी खोटं बोललो." आई झालेली नटी क्षणभर दचकली. दिग्दर्शक मात्र बेहद्द खूश झाला.

त्या एका दृश्यासाठी लोकांनी बार्नाला डोक्यावर घेतलं. पाप केलं तेव्हा हशा, पाप बोलला तेव्हा टाळ्या. सुख त्याला घशाखाली उतरेना.

आज तोच चित्रपट सेगेदला लागला होता. त्यानं एतेल्काबाईंना पुढच्या रांगेतलं तिकीट धाडलं होतं. ओठ वाचणारी ती एकच बाई. ती वाचेल, समजेल, डोळ्यांनी क्षमा करील, आणि जगाला काही कळणार नाही. एवढीच त्याची आशा होती, आणि एवढाच त्याचा भ्याडपणा.

जाड पडद्यांनी दुपार बाहेर कोंडलेली. पांढऱ्या कापडावर त्याचे प्रचंड, निःशब्द ओठ हलले. एतेल्काबाई पुढं झुकल्या. त्यांचेही ओठ हलले.

दिवे लागले, तसा तो त्यांच्यापाशी येऊन उभा राहिला. मिरच्या ओवून ओवून त्यांची बोटं लाल झाली होती.

"वाचलंत?"

"वाचलं." बाई त्याच्याकडे न बघता म्हणाल्या. "पण मला कशाला सांगतोस, बार्ना? मी जागी होते हे मला ठाऊक आहे. ज्यांना ठाऊक नाही ते हे इथं बसलेत."

लाज त्याच्या कानशिलांपर्यंत चढली. तो पांढऱ्या कापडापुढं गेला. लोक उठत होते, ते थबकले.

"थांबा!" तो म्हणाला. "त्या प्रयोगाला एतेल्काबाई झोपल्या नव्हत्या. त्यांनी शब्द दिला होता. मी प्यालो होतो. मी खोटं बोललो, आणि एका निरपराध बाईची भाकर मी हिरावली!"

अक्षर अन् अक्षर खरं. पण आवाज तोच, मेघगंभीर. हात आपोआप छातीवर गेलेला, स्वर नेमक्या जागी थरथरलेला. मग टाळ्या कडाडल्या. बायकांनी रुमाल काढले. मागून कुणीतरी ओरडलं, "वन्स मोअर!"

"अहो, हे नाटक नाही!" तो कळवळून म्हणाला. टाळ्या आणखी वाढल्या.

आणि मग, टाळ्यांना आयुष्यभर सरावलेली त्याची मान, त्याला न विचारता, खाली लवली.

मान वर आली तेव्हा पुढच्या रांगेतली खुर्ची रिकामी होती. दूर दार उघडलं. उन्हाची एक पट्टी आत आली, खुर्च्यांवरून, माणसांवरून, त्याच्या बुटांपर्यंत आली. आणि बारीक होत, बारीक होत, मिटली.