शूऽऽ, बाबा झोपलेत

धर्माजीची झोप उडाली ती नोकरी सुटल्यावर. सारा जन्म न्हावा शेव्याच्या बंदरात रात्रपाळी केली, दिवसा घरी येऊन झोपला, आणि आता म्हसळ्याजवळच्या गावात आख्खी रात्र हक्काची मिळाली तर डोळ्याला डोळा लागेना. दैव देतं आणि कर्म नेतं, दुसरं काय!

बायकोने, तुळसाने, जायफळ उगाळून पाजलं, टाळूवर तेल थापलं. म्हसळ्याचे डॉक्टर म्हणाले, "शरीराचं घड्याळ उलटं झालंय. दुपारी झोपू नका, संध्याकाळी चहा नको, झोप लागो न लागो, सकाळी ठरल्या वेळी उठा. आणि पडल्यावर मनात काय येतं हो?" धर्माजीने घरची वाट धरली.

तुळसाचा खरा भरवसा शांततेवर. रात्रपाळीवाल्याच्या घरची बाई ती. उरणच्या दोन खोल्यांत तो दिवसा झोपला की कुकर बंद, टीव्ही बंद. "शूऽऽ, बाबा झोपलेत," हे ऐकतच त्यांचा धम्मदीप मोठा झाला. आताही ती पाय न वाजवता घरात वावरायची.

रविवारी धम्मदीप पनवेलहून लेकीला घेऊन आला. जेवणानंतर धर्माजी नुसताच पडला होता. ओटीवर छोटी राही खदखदून हसली. तो कान देऊन ऐकू लागला, तोच धम्मदीपचा दबका आवाज आला, "शूऽऽ, आजोबा झोपलेत."

हसू तिथंच थांबलं. धर्माजी उठून बसला. बंदरात क्रेनच्या घरघरीत जरा टेकला तरी तो घोरायचा, आजूबाजूला माणसं असायची. घरी मात्र पोराचा मोकळा आवाज त्याने कधी ऐकलाच नव्हता.

"झोपलो न्हाय मी! बोला की!" तो ओरडला.

राही घाबरून बापाला बिलगली. धम्मदीप खालमानेने म्हणाला, "चुकलं बाबा, आवाज झाला." ऊन उतरताच दोघं एसटीने परत गेली.

अंथरुणं घातल्यावर धर्माजी म्हणाला, "डाक्तर इचारत व्हता ना, मनात काय येतं? घरात कोनच न्हाय, असं येतं. भांडी घास गो, आपट जरा. माणूस हाय असं वाटू दे."

"अवो, पर तुमची झोप?"

"तिच्यासाठीच सांगतो."

तुळसा मोरीत बसली. डोळे पुसून तिने पातेलं उचललं, आपटायला हात वर नेला. हात खाली आला तो अलगदच. पातेलं फरशीला टेकलं, आवाज झाला नाही. तिने पुन्हा उचललं. पुन्हा तसंच.

आतून धर्माजीने विचारलं, "तुळसा, हायस ना?"