क्षीरदामातेचं गोड दूध

रविवारी सकाळी सिंगापूरच्या चोआ चू कांग भागातल्या एका ब्लॉकमध्ये लिफ्टचं दार उघडलं की आधी चपला दिसत. चपलांच्या मागोमाग गेलं की क्षीरदामातेचा फ्लॅट. आत बँकवाले, ऑडिटवाले, तुआसच्या कारखान्यांतले इंजिनियर, सगळे मांडी घालून, हातात कागदी कप घेऊन बसलेले. चमत्कारच तसा होता. तांदळाची साधी पेज. साखर नाही, गूळ नाही, मध नाही. मातेच्या सिद्ध अक्षता घालून रात्रभर ठेवली की सकाळी तिचं गोड दूध होई.

"मी काही घालत नाही," माता डोळे मिटून सांगे. "तुमच्या श्रद्धेतली गोडी तेवढी वर येते. ज्याचं मन अळणी, त्याची पेज अळणी."

हे ऐकून एका बँकेचा व्हाइस प्रेसिडेंट रडला होता.

अक्षतांच्या पुडीबरोबर नियमही मिळत. पेजेत बोट बुडवता येईल इतकी निवल्यावरच अक्षता घालाव्या, देवाला चटका बसू नये. राइस कुकर नुसता 'वॉर्म'वर ठेवावा. झाकण न लावता ओला पंचा पांघरावा, देव गुदमरतो. सिंगापूरच्या उकाड्यात देवाला एवढी ऊब कशाला, हे कोणी विचारलं नाही.

या मंडळींतल्या मेधाचा नेम मोठा. अंघोळ, पूजा, नैवेद्य आणि मगच चहा. तरी घरोघरी पेज गोड झाली आणि तिची मात्र पिठूळच राहिली. मातेने सगळ्यांदेखत मान हलवली आणि कुणाच्या व्रतात किती पाणी ते वरच्याला बरोबर कळतं, असं म्हणून टाकलं. दर दिवाळीला मेधाकडून भाजणी नेणारी राधिका जरा सरकून बसली.

अपमान मेधाने गिळलाही असता. पण सासूबाईंनी त्यातून भलताच अर्थ काढला. एवढ्या नेमाच्या सुनेला जे जमत नाही ते माता करते, म्हणजे तिच्या हातात काहीतरी आहेच. सासूबाईंना मधुमेह. साखरेविना गोड, म्हणजे हे आपल्यासाठीच आलंय, असं ठरवून त्या मातेकडून बाटली भरून आणत आणि दोन्ही वेळा पीत. गोळ्यांची पट्टी त्यांनी देव्हाऱ्यात मातेच्या फोटोखाली सरकवली. मुलगा निशिकांत समजावून थकला. सासूबाईंना घेरी येऊ लागली, तेव्हा माता म्हणाली, जुनी साखर बाहेर पडतेय.

मेधाची लेक अनुया पॉलिटेक्निकमध्ये अन्नशास्त्र शिकत होती. तिने फ्रिजमधल्या बाटलीतला एक घोट घेतला.

"मम्मी, धिस इज अमाझाके, लाह. जपानी लोक घरी करतात ते तांदळाचं गोड पेय. त्या अक्षता म्हणजे कोजी, बुरशी चढवलेला तांदूळ."

मेधाने एवढंच विचारलं, "मग माझ्याच हातून का होत नाही?"

अनुयाने सगळी कृती वदवून घेतली. नियमात कुठे चूक नव्हती. फक्त अक्षता घातल्यावर मेधा एक उकळी काढत होती. वर कच्चे दाणे असलेला नैवेद्य तिच्या माहेरी कधी दाखवलेला नव्हता.

अनुया हसत सुटली. "मम्मी, यू कुक्ड द मिरॅकल."

शनिवारी संध्याकाळी मेधाने अक्षता घालून तशीच उकळलेली पेज मातेपुढे ठेवली आणि हळू आवाजात विनवलं, माझ्या हातून होत नाही, तुमच्या कुकरमध्ये, तुमच्या मंत्राने करा. चार लोकांसमोर माता नाही कशी म्हणणार? सासूबाई तर कुकरपाशीच जपाला बसल्या आणि सकाळपर्यंत हलल्या नाहीत.

सकाळी पहिला घोट त्यांनीच घेतला. तोंड वाकडं झालं. "खळ आहे नुसती."

"आज मंडळीत कुणाचं तरी मन अळणी आहे," माता म्हणाली.

"माझंच असेल," मेधा म्हणाली आणि पिशवीतून थर्मास काढला. "पण मग आई, हे बघा."

सासूबाईंनी चाखलं. गोड, अगदी तेच. सोबत आलेल्या अनुयाने सांगून टाकलं की हे घरी केलंय, कोजी जपानी सुपरमार्केटमधली, मंत्र एकही नाही, आणि भांड्याशेजारी रात्रभर कोरियन गाणी लावली होती. बुरशीतले पाचक रस उबेत तांदळातल्या पिष्टाची साखर करतात. उकळी आली की ते रस मरतात, मंत्र कुणाचाही असो.

"साखर कोणी घातली नव्हती, आई," मेधा म्हणाली. "ती भांड्यातच तयार होत होती. तुम्ही दोन्ही वेळा तीच पीत होतात."

सासूबाईंनी बोट पुढे केलं. मेधाने साखर तपासायचं यंत्र लावलं. आकडा बघून ऑडिटवाल्यांचेही चेहरे उतरले. माता ध्यानाला म्हणून आत गेली आणि कडी लावून बसली. बाहेरच्या चपला भराभर कमी झाल्या. राधिकाने जाताना भाजणीचं विचारलं.

बायांनो, नेम जरूर पाळा. मीही पाळते. देवाला सांजवात पुरते, त्याला राइस कुकर लागत नाही. गोडाची भूल पडली तर आधी भांड्यात काय घातलंय ते विचारा. विचारल्याने रागावतो तो देव नव्हे, दुकानदार.

डॉक्टरकडे जायला निघताना सासूबाई देव्हाऱ्यापाशी थांबल्या. फोटो उचलून बाजूला ठेवला, खालची पट्टी घेतली आणि देवाला नमस्कार केला.

"मेधा," त्या म्हणाल्या, "ही जेवणाआधी घ्यायची की नंतर? विसरले गं मी."