फेटे बांधून वेढा बघायला

पुरुषांनी फेटे बांधून यावं, ही सूचना ग्रुपवर टाकली ती मधुकरनंच. भोपाळच्या अवधपुरी वस्तीतल्या मराठी मंडळाचा तो सेक्रेटरी. शिवजयंतीनंतरचा रविवार, सहल जुन्या भोपाळात, आणि तिथल्या पायी फेरीत मराठ्यांचा इतिहास सांगतात असं कळलेलं. मग फेटे नकोत? बायकांनी नऊवारी नेसावी असंही त्याला लिहायचं होतं, पण तिथल्या गल्ल्यांतल्या गटारांची आठवण करून देऊन वैजयंतीनं त्याला आवरलं. बाकी कशातच तिनं त्याला आवरलं नाही.

कारण मराठ्यांची गोष्ट त्याच्या कानावर घातली होती तीच मुळी वैजयंतीनं. "आपल्या मराठ्यांचंही आहे बरं का अबोलीच्या त्या फेरीत," एवढंच ती म्हणाली होती. खोटं नव्हतं ते. मराठ्यांचं होतंच. काय होतं, ते तिनं सांगितलं नाही आणि त्यानं विचारलं नाही. मराठ्यांचं म्हटल्यावर विचारायचं काय, असा त्याचा हिशेब.

हा सगळा खटाटोप अबोलीसाठी. एकुलती एक मुलगी. दोन वर्षांपूर्वी पुण्याची कंपनी सोडून घरी आली आणि रविवारी सकाळी लोकांना जुन्या शहरातून पायी फिरवायला लागली. वेशी, तट, कोण कुठे मेलं, कोणी कोणाला मारलं, सगळं सांगायची. मधुकर कारखान्यातून इंजिनियर म्हणून रिटायर झालेला. त्याचे वडील नागपूरहून सरकारी कचेरीबरोबर भोपाळला आले, कारकून म्हणून. कारकुनाचा इंजिनियर झाला आणि इंजिनियरची पोरगी रस्त्यावर, हे काही त्याच्या पचनी पडेना. मंडळात त्यानं सांगून ठेवलं होतं की अबोली पर्यटन खात्यात आहे. हे अबोलीच्या कानावर गेलं तेव्हा घरात महाभारत झालं. "मग काय सांगू लोकांना? चौकात उभी राहून ओरडते म्हणून?" असं तो म्हणाला, आणि त्या दिवसापासून बापलेकीचं बोलणं गीझर बंद कर आणि दाराला कडी लाव, इतक्यावर आलं. आता अबोलीनं नेहरू नगरात खोली बघितली होती. मार्चमध्ये जाते म्हणाली. त्याच शहरात, अर्ध्या तासावर, पण जाणं ते जाणंच. लग्न होऊन जाणारी मुलगी माहेरी येते तरी. ही भांडून चालली होती.

त्यानं एकदा तिला काम करताना बघावं, एवढंच वैजयंतीला हवं होतं. बघितलं की विरघळेल. आतून मऊ आहे तो, असं ती तीस वर्षं मानत आली होती.

अबोलीला मात्र शंका होती. आदल्या आठवड्यात ओट्यापाशी उभी राहून मटार सोलता सोलता तिनं विचारलं होतं, "आई, मंडळाच्या लोकांसाठी वेढ्याचं तेवढं गाळू का? फालतूमध्ये पंगा होईल."

"मुळीच गाळायचं नाही," वैजयंती म्हणाली होती. "नेहमी सांगतेस तसं सांग. मी ऐकलंय ना, अंगावर काटा येतो. त्यांनाही येऊ दे."

ऐकलं होतं म्हणजे काय, त्या वेढ्याची ओळ न् ओळ तिच्यासमोर तयार झाली होती. अबोली लिहायची, वाचून दाखवायची, आणि वैजयंती पोळी लाटता लाटता सांगायची की हे लांबलं, इथे जरा थांब. नागपूरच्या महाल भागातलं वैजयंतीचं माहेर. लहानपणी भोसल्यांच्या वाड्यासमोरून शाळेत जायची ती. त्यांच्या फौजेनं या गावाचं काय केलं, हे तिला साठीला आल्यावर आपल्या मुलीकडून कळलं होतं.

तर रविवारी सकाळी वीस-बावीस माणसं जुमेराती, म्हणजे गुरुवारच्या, दरवाज्याशी उतरली. पुरुष सगळे केशरी फेट्यात. कडेला पोह्यांचा ठेला होता. तिथल्या माणसानं झारा हातात धरून वरपासून खालपर्यंत बघितलं आणि भोपाळी ढंगात हाक देऊन विचारलं, "को खाँ, दूल्हा कौन है?"

बायका हसल्या. मंडळाचे अध्यक्ष शांतारामपंत हसले नाहीत. त्यांनी फेटा जरा सारखा केला. त्यांच्या पत्नी सिंधूताई मात्र पदर तोंडाला लावून हसतच राहिल्या.

आणि अबोली छान बोलली. अगदी छान. पाठीला पिशवी, पायात बूट, केस वर बांधलेले. आवाज न चढवता शेवटच्या माणसापर्यंत पोचवत होती. मराठीतून सांगत होती, खास या मंडळींसाठी. गावाभोवती तट कसा होता, दरवाज्यांना वारांची नावं का पडली, संध्याकाळी दरवाजे मिटले की बाहेरचा बाहेर कसा राहायचा. वैजयंतीचं लक्ष तिच्याकडे कमी, नवऱ्याकडे जास्त. मधुकर आधी सगळ्यांच्या मागे उभा होता. मग मध्ये आला. मग पुढे. एकदा कोणीतरी मोबाईलवर बोलायला लागलं तर त्यानंच त्याला दटावलं, "अहो ऐका ना जरा." वैजयंतीला इतका आनंद झाला की तिनं तो लपवायला वर कबुतरांकडे बघितलं.

मग एका बोळाच्या तोंडाशी, जुन्या तटाचा उरलेला तुकडा होता तिथे, अबोली थांबली. त्या तुकड्याला आता घरं चिकटली होती. वर कोणीतरी गाद्या वाळत टाकल्या होत्या.

"दोनशे वर्षांपूर्वी हे गाव कित्येक महिने वेढ्यात होतं," ती म्हणाली. "बाहेर एवढी मोठी फौज की आत दाणा येईना. धान्य संपलं. मग लोकांनी चिंचोके खाल्ले. मग झाडांचा पाला. मग मेलेली जनावरं. लढायला उभी राहतील अशी माणसं थोडीच उरली. एके दिवशी बाहेरच्यांनी तटाला शिड्या लावल्या, आणि पुरुष कमी पडले तेव्हा बायका तटावर चढल्या. घरातले दगड, धोंडे, हाताला लागेल ते खाली टाकलं. शिड्यांवरची माणसं खाली पडली. फौज मागे हटली."

सिंधूताईंचे डोळे भरून आले. त्यांनी जोरात टाळ्या वाजवल्या. "शाब्बास! याला म्हणतात बायका. मराठी बायकांच्या रक्तातच असतं ते!"

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मधुकरनंही.

अबोलीनं टाळ्या थांबू दिल्या. "काकू," ती हळूच म्हणाली, "त्या इथल्या बायका होत्या. भोपाळच्या. मराठे शिड्यांवर होते. वेढा नागपूरकर भोसल्यांचा आणि ग्वाल्हेरकर शिंद्यांचा होता."

दहा-बारा माणसं फेटे बांधून त्या भिंतीसमोर उभी होती. कोणाला कुठे बघावं कळेना. एक जण गाद्यांकडे बघत राहिला.

"हे कोणी शिकवलं तुला?" शांतारामपंतांनी विचारलं. आवाज गोड होता, सभेत ठराव नामंजूर करतानाही असाच असायचा. "इंग्रजांनी लिहून ठेवलेलं असणार."

"इंग्रजांनी लिहिलंय काका, आणि इथल्या लोकांनीही. उपासमारीबद्दल कोणाचंच दुमत नाही."

"असेल, असेल. पण बेटा, दिवस कुठला आहे ते तरी बघावं. आपण आलोय कशासाठी?"

"इतिहास ऐकायला," अबोली म्हणाली.

मागून कोणीतरी हसलं. शांतारामपंतांचं तोंड उतरलं आणि ते मधुकरकडे वळले. मंडळाचा सेक्रेटरी, त्याची मुलगी, त्यानं आणलेली सहल, त्यानं बांधायला लावलेले फेटे. फेट्याखाली मधुकरचे कान लालभडक झालेले वैजयंतीला दिसले, आणि तरीही तिला वाटत होतं, आता म्हणेल. आता म्हणेल, माझी मुलगी वाचून बोलते.

मधुकर हसला. "अहो पंत, तिच्यावर काय रागावता? यांना स्क्रिप्ट असते. खात्याकडून वरून येते. पोपटासारखं पाठ करायचं आणि म्हणायचं. तिचं काय आहे त्यात?"

मुलीला वाचवतोय असंच त्याला वाटत असणार. त्याच्या दृष्टीनं त्यानं तिच्या डोक्यावर छत्री धरली होती. सगळे सुटल्यासारखे झाले. हां, हां, सरकारी काम, असं दोघं-तिघं पुटपुटले. वेळ मारून नेली होती त्यानं. अबोली गप्प राहिली असती तर पाच मिनिटांत सगळे पुढच्या दरवाज्याला लागले असते.

"कुठलं खातं, बाबा?" अबोली म्हणाली. "मी कुठल्याच खात्यात नाही. स्क्रिप्ट माझी आहे. दोन वर्षं घालवलीत मी तिच्यावर. यकीन नसेल तर आईला विचारा. सगळ्यात आधी तिनंच ऐकलंय. गाळू नकोस म्हणाली, तीच."

आणि मग सगळे फेटे वैजयंतीकडे वळले.

"हो का वहिनी?" शांतारामपंत म्हणाले. "तुम्हाला माहीत होतं?"

वैजयंतीनं आधी मुलीकडे बघितलं. अबोलीच्या चेहऱ्यावर भीती नव्हती. आई आहे ना, मग झालं, असा निवांत चेहरा होता तो. लहानपणी शाळेच्या फाटकाशी असायचा तसा. मग तिनं नवऱ्याकडे बघितलं. त्याच्या कपाळावर घाम होता आणि फेट्याचा शेमला खांद्यावरून घसरला होता. तीस वर्षांत त्याला असं चारचौघांत उघडं पडलेलं तिनं बघितलं नव्हतं. हो म्हटलं असतं तर या मंडळातून तो उठला असता. हळदीकुंकू, गणपती, दिवाळीचा फराळ, या परक्या गावात जमवलेली एवढीशी माणसं, सगळं गेलं असतं. हे सगळं तिनं एका क्षणात मनात आणलं, की नंतर मनाशी सांगायला म्हणून जमवलं, कोण जाणे. तोंडातून गेलं ते असं:

"मला कुठलं माहीत! ती घरी कुठे काय सांगते आम्हाला?"

काखा वर केल्या तिनं. भर रस्त्यात, पोटच्या पोरीसमोर.

अबोलीनं पिशवीतून पाण्याची बाटली काढली, दोन घोट प्यायली, टोपण नीट लावलं. शांतारामपंतांना आता मोठेपणा घेता येत होता, तो त्यांनी घेतला. "जाऊ दे हो, लहान आहे. बेटा, पुढचं दाखव. इमारती-बिमारती."

"चलिए," अबोली म्हणाली. "आगे चलते हैं."

पण त्याआधी फोटो. ही भिंत फोटोला चांगली आहे, असं कोणाच्या तरी लक्षात आलं. गाद्या येणार नाहीत अशा बेतानं मंडळी तटाला टेकून उभी राहिली. मोबाईल अबोलीच्याच हातात दिला, दुसरं कोण होतं? कोणीतरी "जय भवानी!" म्हणालं, बाकीच्यांनी "जय शिवाजी!" म्हणून हात वर केले. वरच्या खिडकीतून एक म्हातारी बाई बघायला आली, खाली बघितलं आणि आत गेली. मधुकरनं शेमला पुन्हा खांद्यावर घेतला आणि हसला. अबोलीनं तीन फोटो काढले, एकदा मोबाईल आडवा धरून, आणि "एक और, सर, ज़रा पास-पास" असंही म्हणाली. वैजयंती दुसऱ्या ओळीत उभी होती. तिला त्या भिंतीला पाठ टेकवता येईना आणि बाजूलाही होता येईना.

तिथून पुढे अबोली हिंदीतच बोलली. मराठी एक शब्द नाही. काम चोख केलं. कुठला दरवाजा पडला, कुठला पाडला, कुठे चांगली जलेबी मिळते. चिडचिड नाही, टोमणा नाही. मंडळी खूश झाली. "पोरगी तयार आहे हो," असं सिंधूताई वैजयंतीच्या कानाशी म्हणाल्या, आणि वैजयंतीला ते विस्तवासारखं लागलं. नेहरू नगरची खोली, मार्च, हे सगळं तिला आता किरकोळ वाटायला लागलं होतं. खोलीत राहणाऱ्या मुलीला डबा पाठवता येतो, रागावता येतं, मनवता येतं.

शेवटी तलावाच्या बाजूला उतरायला जुन्या दगडी पायऱ्या होत्या, झिजून गुळगुळीत झालेल्या. अबोली खाली उभी राहून एकेकाला उतरवून घेत होती. वैजयंती मुद्दाम सगळ्यात शेवटी राहिली होती. तिची पाळी आली तेव्हा हात पुढे करून ती हळूच म्हणाली, "अबू, ऐक ना गं."

अबोलीनं तिचं कोपर धरलं, पंजा नाही. कुठल्याही वयस्कर पाहुणीचं धरते तसं, नीट, पक्कं. आणि रविवारच्या पाहुण्यांशी बोलते त्याच मोकळ्या, गोड आवाजात म्हणाली, "संभलकर, मैडम. सीढ़ी ज़रा ऊँची है."