फिख्टेची बायको

“दाढी काढा,” शरफुन्निसा म्हणाली. “दाढीवर मास्क बसत नाय. फटीतून वारा जातो.”

ती नर्स होती, त्यामुळे घरात हुकूम तिचा चाले. मी न्हाणीघरात गेलो आणि सोळा वर्षांची दाढी दहा मिनिटांत उतरवली. बाहेर आलो तेव्हा आमची आठ वर्षांची झेबा पलंगावर लोळून हसायला लागली. शरफुन्निसानेही तोंडाला ओढणी लावली. मला हसू आलं नाही. एक्याण्णव सालचा जानेवारी होता, रियाधवर क्षेपणास्त्रं पडायला लागली होती, त्यांतून विषारी वायू येईल असं सगळे म्हणत होते, आणि मी भित्रा माणूस आहे. हे आधीच सांगितलेलं बरं, कारण पुढे जे झालं ते त्यातूनच झालं.

मी सिराजुद्दीन, मूळचा श्रीवर्धनचा. एका बांधकाम कंपनीच्या रियाधमधल्या, ओलाया भागातल्या ऑफिसात टाइमकीपर होतो. कोणता मजूर किती वाजता आला आणि किती वाजता गेला एवढं लिहायचं काम. त्याआधी महाडच्या एका कॉलेजात तीन वर्षं तासांवर तत्त्वज्ञान शिकवलं होतं. पीएचडीला विषय घेतला होता फिख्टे. गावात लोक विचारायचे, हा फिख्टे कुठल्या कंपनीत असतो? मी सांगायचो, जर्मन आहे, मरून पावणेदोनशे वर्षं झाली. मग ते माझ्याकडे ज्या नजरेने बघत, त्यावरून मला माझं भवितव्य कळायला हवं होतं. शरफुन्निसाला रियाधच्या हॉस्पिटलात नोकरी लागली, मागोमाग मी आलो. चार प्रकरणं टाइप झालेला प्रबंध बॅगेत घालून आणला होता, तो बॅगेतच राहिला.

पण फिख्टे माझ्या डोक्यातून गेला नव्हता. तो विणकराचा पोर, गावात हंस राखायचा. त्याची सगळी शिकवण मी महाडच्या मुलांना एका वाक्यात सांगायचो. दगड असतो, माणूस नुसता असत नाही, माणूस करतो तेव्हाच तो असतो. समोर हे जे जग उभं आहे, भिंती, दारं, दुसरी माणसं, ते आपल्याला अडवायला नाही, आपल्या हातून काही घडावं म्हणून आहे. हे सांगताना माझा आवाज चढायचा, मागच्या बाकावरची मुलंही ऐकायची. तेव्हा माझ्यावर कोणी बॉम्ब टाकत नव्हतं.

लढाईच्या आधी कंपनीने इकामा, म्हणजे राहण्याचा परवाना बघून, सही घेऊन प्रत्येकाला एकेक मास्क दिला. बायकापोरांना नाही. पासपोर्ट कफीलच्या, आम्हाला आणणाऱ्या मालकाच्या कपाटात, म्हणजे पळायची सोय नाही. शरफुन्निसाला हॉस्पिटलातून एक मास्क मिळाला, तो तिने झेबाच्या उशाशी ठेवला. पट्टे आवळून आवळून पोरीच्या तोंडावर कसाबसा बसवला. तुझ्यासाठी काय, असं मी विचारलं, तर म्हणाली की वॉर्डात आहेत पुष्कळ. घरी यायच्या वाटेवर काय, हे तिने सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

बत्ह्याच्या बाजारातून सगळ्यांनी चिकटपट्टी उचलली होती. शेवटचे चार रोल मला मिळाले, तेही एका मलबारी दुकानदाराशी हुज्जत घालून. आमच्या घरात एक आतली खोली, एक बाहेरची आणि स्वयंपाकघर. मी आतली खोली निवडली. खिडकीला प्लॅस्टिक, प्लॅस्टिकला पट्टी, पट्टीवर पुन्हा पट्टी. भोंगा वाजला की आत जायचं, दाराच्या चारी कडांना पट्टी मारायची, खालच्या फटीत सोड्याच्या पाण्यात भिजवलेला टॉवेल दाबायचा, आणि रेडिओवर खलास, म्हणजे धोका टळला, असं म्हणेपर्यंत काहीही झालं तरी दार उघडायचं नाही. सरकारी पत्रकात हे इंग्रजीत छापलं होतं. मी ते इतक्या वेळा वाचलं की फिख्टेही तितका वाचला नसेल.

त्यातच एका संध्याकाळी शरफुन्निसा म्हणाली की वायूने भाजलेली माणसं आली तर त्यांच्यासाठी हॉस्पिटलने वेगळा वॉर्ड काढलाय. मर्जीने कोण येणार असं तिथे विचारलं तेव्हा तिने हात वर केला होता.

 मी ओरडलो नाही. ओरडायला धीर लागतो. मी तिला फिख्टेची गोष्ट सांगितली, तीही घाबरवायला. बर्लिनजवळ नेपोलियनशी लढाई झाली, इस्पितळं जखमी शिपायांनी भरली. फिख्टेची बायको त्यांची शुश्रूषा करायला गेली. पाच महिने तिने हे काम केलं आणि एक दिवस तोच ताप घेऊन घरी आली. ती मरणाच्या दारात असताना हा वर्गात व्याख्यान द्यायला गेला. परत आला तो तिचा ताप उतरलेला. आनंदाच्या भरात त्याने तिला मिठी मारली. त्या मिठीतून ताप त्याला लागला, असं म्हणतात. बारा-पंधरा दिवसांत माणूस गेला. एवढा मोठा माणूस, बावन्नाव्या वर्षी.

झेबाचा गणवेश इस्त्री करत तिने सगळं ऐकून घेतलं. शाळा बंद होती तरी ती दर शुक्रवारी तो इस्त्री करायची.

“आणि तिचा काय झाला?”

“कोणाचं?”

“बायकोचा. ती वाचली ना?”

मी म्हटलं, वाचली. आणखी पाच वर्षं जगली.

“पाच वरसा काय केला तिना?”

मला माहीत नव्हतं. प्रबंधात तिच्यावर अर्धी ओळ होती. तिचं नाव योहाना, एवढं मी सांगितलं. शरफुन्निसा ते नाव एकदा पुटपुटली, गणवेशाची घडी घातली आणि दुसऱ्या दिवसापासून त्या वॉर्डात गेली.

त्यानंतर ती रात्रपाळी करून सकाळी सातला हॉस्पिटलच्या बसने येई. मी नमाज आटोपून खिडकीशी उभा राहायचो. खरं सांगतो, दोन भीती एकदम असायच्या. एक, ती येणार नाही. दुसरी, ती येईल आणि कपड्यांवरून काहीतरी घेऊन येईल. वॉर्डात अजून एकही रोगी आलेला नव्हता, तरीही. ती आंघोळ करून येईपर्यंत मी झेबाला तिच्याजवळ जाऊ देत नसे. शरफुन्निसाने ते पाहिलं होतं. ती आल्या आल्या सरळ न्हाणीघरात जायला लागली.

त्या दिवशी सकाळी सातला पाच मिनिटं कमी असताना भोंगा वाजला.

मी झेबाला उचललं आणि आतल्या खोलीत घुसलो. तिला मास्क चढवला, मग स्वतःला. दाराला पट्टी मारली, घाईत एक पट्टी स्वतःच्याच मनगटाला चिकटली. टॉवेल खाली दाबला. टॉवेल लहान होता. उजव्या कोपऱ्यात बोटभर फट राहिली आणि तिच्यातून बाहेरच्या खोलीतला उजेड दिसत होता. दुसरा कपडा सोड्याच्या पाण्यात घालायचं राहून गेलं होतं, बादली बाहेर होती.

झेबा रडत नव्हती. काचेआडून तिचे डोळे फार मोठे दिसत होते. “अब्बा, वो हंसवाली स्टोरी,” ती म्हणाली.

ही तिची आवडती. एक मोठा सरदार रविवारचं प्रवचन ऐकायला गावात येतो, पण त्याला उशीर होतो, प्रवचन संपलेलं असतं. गावकरी म्हणतात, हंस राखणाऱ्या पोराला बोलवा, त्याला सगळं पाठ असतं. पोराला बोलावतात. तो प्रवचन पहिल्यापासून म्हणून दाखवतो. सरदार खूश होतो आणि पोराला शाळेत घालतो. मी मास्कमधून सांगू लागलो. आवाज हंड्यातून बोलल्यासारखा येत होता. पोर हातातली काठी खाली ठेवतो, इथवर आलो होतो.

बाहेरच्या दारात किल्ली फिरली.

पावलं आली. मग या दारावर टकटक. तीनदा, हळू.

“अवो,” शरफुन्निसा म्हणाली.

मी उठलो आणि दाराजवळ गेलो. कडीवर हात ठेवला. हे मला स्पष्ट आठवतं, कडी गार होती. पट्टी काढायची, कडी ओढायची, तिला आत घ्यायची, पुन्हा पट्टी मारायची, अर्ध्या मिनिटाचं काम. तिच्याकडे मास्क नव्हता. तो माझ्या मागे झेबाच्या तोंडावर होता.

“अब्बा, अम्मी बाहर है,” झेबा म्हणाली.

 हात कडीवर होता आणि हलत नव्हता.

“अब्बा. ओपन इट.”

लांब कुठेतरी दणका झाला, खिडकीवरचं प्लॅस्टिक आत फुगलं आणि मागे गेलं. मी दाराला टेकलो. दारावर पुन्हा टकटक झाली नाही. मला वाटलं ती गेली. पण खाली बघतो तर टॉवेलचा उजवा कोपरा हलत होता. बाहेरून काहीतरी आत येत होतं, इंच इंच, ओलं. निळं होतं. तिची ओढणी होती. बादलीत भिजवून ती बाहेरून बोटांनी दाबत होती. बोटभर उजेड होता तो कमी होत गेला आणि मग बंद झाला.

मी तसाच टेकून उभा राहिलो. रेडिओवर खलास म्हणायला बारा मिनिटं लागली. पुढे रोज वायूचे भोंगे वाजले आणि वायू कधीच आला नाही, पण ते त्या बारा मिनिटांत कोणाला माहीत होतं?

पट्टी फाडून दार उघडलं तर ती उंबऱ्याशी भिंतीला पाठ लावून बसली होती. डोकं उघडं, पायांत हॉस्पिटलचे पांढरे बूट. झेबा माझ्या बाजूने सुटली आणि तिच्या गळ्यात पडली. शरफुन्निसाने आधी पोरीचा मास्क काढला, गालावर उठलेले वळ चोळले. मग माझ्याकडे वर बघून म्हणाली, “पोरीसाठी केलाव. बरा केलाव.” आणि चहा टाकायला गेली.

मी हो म्हणालो. शेजारीपाजारीही तेच म्हणाले. बाप आहे, पोरीचं बघणारच. आणि मी ते घेतलं. न मागता मिळालेली साक्ष होती ती, मी कशी सोडणार? पण खरं असं होतं की त्या बारा मिनिटांत मला झेबा आठवलीही नव्हती. कडीवर हात असताना डोक्यात फक्त मी होतो. फिख्टेचा जो मोठा ‘मी’, ज्याच्यावर मी चार प्रकरणं लिहिली, तो नव्हे. हा अगदी लहान होता, रबराच्या वासाचा.

लढाई संपली. दाढी पुन्हा वाढली, ती पांढरीच आली. आम्ही आणखी अकरा वर्षं तिथे काढली. तिच्या त्या वॉर्डात लढाई संपेपर्यंत एकही रोगी आला नव्हता. ती त्या दिवसाबद्दल एका शब्दाने बोलली नाही, आणि बोलली असती तर बरं असं मला दर जानेवारीत वाटायचं. प्रबंध मी एकदा काढला, योहानाची अर्धी ओळ वाचली आणि परत ठेवला.

शेवटी सांगितलं ते श्रीवर्धनला परत आल्यावर. मागच्या पडवीत ती कोळंबी सोलत बसली होती. झेबाचं लग्न ठरलं होतं, घरात पाहुणे यायचे होते, म्हणजे बोलायची वेळ काही ती नव्हती. पण मी बोललो. म्हटलं, रियाधला त्या दिवशी मी दार उघडलं नाही ते पोरीसाठी नव्हतं. पोर माझ्या मनातही नव्हती. मी माझ्यासाठी उघडलं नाही.

तिने हातातली कोळंबी सोलून पूर्ण केली.

“मना म्हाईत हाय,” ती म्हणाली. “तुमी पोरीजवळ नव्हतात, दाराला टेकून उभे होतात. मास्कातला श्वास बाहेर ऐकू येत होता.”

“मग तू तेव्हा काही बोलली का नाहीस?”

“काय बोलायचा? तुमी किती घाबरला होतात.” तिने पुढची कोळंबी उचलली. “मी पण घाबरलेली. पन तो श्वास येत होता ना, तो मोजत बसले. म्हटला, येतोय तवर चांगला हाय.”

मी तिच्यासमोर पाटावर बसलो.  तिने टोपलं मधोमध सरकवलं, तशी मीही एक कोळंबी घेऊन सोलायला लागलो.