मबरूकाच्या गळ्यातली नळी

मी बोलतेय ती मबरूकाच्या गळ्यातून. बोटाएवढी, धातूची, वाकडी नळी आहे मी. माझ्या पोटात आणखी एक बारीक नळी बसते. ती काढून धुता येते.

ट्युनिशियातल्या कैरवान शहराच्या जुन्या वस्तीत मबरूका गालिचे विणते. लग्न केलं नाही. मागावर भावाचा संसार तारला. भाऊ गेल्यावर घरात दोघीच उरल्या, ती आणि भावजय दलीला. दोघींचं कधी पटलं नाही. पुढे घशात गाठ वाढून मबरूकाचा श्वास कोंडायला लागला, तेव्हा डॉक्टरांनी गळ्याला पुढून भोक पाडलं आणि मला तिथं बसवलं. तेव्हापासून ती माझ्यातूनच श्वास घेते.

माझी आतली नळी धुवायची, माझ्याखालचं कापड ओलं झालं की बदलायचं, हे परिचारिकेनं नीट समजावलं होतं. पण मबरूकाला माझ्याकडे बघवेना. घरी येताच तिनं मला रुमालाखाली झाकलं आणि माग धरला. शेजारणीचं ऐकून माझ्याभोवती ऑलिव्हचं तेल चोळलं. त्याला लोकरीची धूळ चिकटली, कापड कफानं भिजून तसंच राहिलं. कडेची कातडी आधी लाल झाली, मग सुजली, मग तिनं पू धरला. मी इतकी जवळ, पण मला काही सांगता येईना. आणि श्वास माझ्यातूनच बाहेर पडत असल्यानं तिला तर आवाजच नव्हता.

वास आला तो दलीलाला. जेवताना तिनं रुमालाला हात घातला. मबरूकानं तो झटकला.

"जीभ बंद पडली वन्सं, पण हट्ट काही बंद पडला नाही तुमचा," दलीला म्हणाली. "मी प्रेमानं विचारत नाहीये. मला जेवण जात नाही."

रुमाल निघाला. नणंदेला दंडाला धरून दलीला सरळ दवाखान्यात घेऊन गेली.

डॉक्टर म्हणाले, आणखी उशीर झाला असता तर विष छातीत उतरलं असतं. त्यांनी औषध दिलं, तेल बंद केलं. मिठाच्या निर्जंतुक पाण्यानं जखम कशी पुसायची, कातडी कोरडी करून नवं कापड कसं सरकवायचं, मला बांधणारा गळ्याभोवतीचा बंद किती आवळायचा, सगळं दलीलानं शिकून घेतलं. पहिल्या दिवशी तिला बंद तीनदा सोडून पुन्हा बांधावा लागला. पण तिनं एक दिवस चुकवला नाही. पू आटला, सूज उतरली. माझ्या तोंडावर बोट ठेवून चार खरखरीत शब्द बोलायला मबरूका शिकली. पहिला शब्द दलीलाच्या भाजीत तिखट कमी असल्याबद्दल होता.

सूस शहरात राहणाऱ्या दलीलाच्या लेकीचं बाळंतपण जवळ आलं होतं, तरी नणंदेला सोडून दलीला निघेना. ते कळल्यावर मबरूका आरसा घेऊन बसली. मला बघून तिनं डोळे मिटले, पुन्हा उघडले, आणि स्वतःच्या हातानं आतली नळी काढली.

एका दुपारी ती एकटी होती आणि कफ वाळून मी आतून बुजले. श्वास येईना, हाक मारता येईना. तिनं ताठ बसून माझी कड एका हातानं धरली, दुसऱ्यानं आतली नळी फिरवून ओढली. हवा आत धावली. धाप ओसरल्यावर तिनं ती धुतली, जागेवर बसवली. बाजारातून आलेल्या दलीलाला ती एवढंच म्हणाली, "आता जा. लेकीला तुझी गरज आहे."

माझी कड आता कोरडी आहे. आमच्यासारख्या नळ्या ज्यांच्या गळ्यात आहेत, त्यांना माझं सांगणं आहे, आमच्याकडे रोज बघा. लाज वाटली तरी बघा.

काल सूसहून फोन आला. नात झाली होती. पण दलीलानं आधी विचारलं, "जखम कशी आहे, वन्सं?"

मबरूकानं माझ्यावर बोट ठेवलं. "बरी आहे. तू पोरीचं सांग."