बांधावरची चौकट

हौशीरामाचा आवाज म्हणजे काय, ते ऐकलेल्यालाच ठाऊक. त्यानं बांधावरून हाक मारली की वर बेडशाच्या लेण्यातली वटवाघळं भर दुपारी उठून पवना धरणाकडं निघायची. त्यातली पाच मी स्वतः समजूत घालून परत आणलीत. खोटं वाटत असेल तर वटवाघळांना विचारा.

असा हा हौशीराम सख्ख्या बहिणीच्या घराला आडवा आला. झुंबरबाईला आंदर मावळात दिली होती. नवरा गेल्यावर ती परत आली आणि बापाच्या जमिनीतले तिच्या वाटणीचे दोन गुंठे मागितले.

"बहिणीनं माहेरची जमीन मागायची नसती," हौशीराम म्हणाला.

कोर्ट म्हणालं, मागायची असते. सातबारा तिच्या नावावर झाला, बांधकामाची परवानगी आली. पण गवंड्यानं पायाच्या आखणीसाठी चुन्याची फक्की मारली, की हौशीरामाचा ट्रॅक्टर त्यावरून फिरायचा. तीन वेळा मारली, तीन वेळा पुसली. शेवटी तिनं हुकूम आणला: हौशीरामानं तिच्या हद्दीत पाऊल टाकायचं नाही, आणि काम पोलीस बंदोबस्तात व्हायचं.

बंदोबस्तात पाया झाला, जोतं झालं. हौशीराम फिरकला नाही. आणि तो फिरकला नाही म्हणून झुंबरबाईच्या घशाखाली भाकरी उतरेना.

मी सुतार. तिची चौकट माझ्या हातची. आमच्याकडं चौकट उभी करताना बाईच्या माहेरचा हात पहिला लागतो. भाऊ हळदकुंकू लावतो, नारळ फोडतो, मगच ती जागेवर टेकते.

"आबा, त्यो येईल का वो?" मी रंधा मारत होतो, तेव्हा तिनं विचारलं.

"पोलीस लावून लांब ठेवलंस, आन आता त्योच हवाय व्हय?"

"ट्रॅक्टरला लांब ठेवायचं हुतं, आबा. भावाला न्हाई."

मग आदल्या दिवशी मी हौशीरामाच्या ओसरीवर जाऊन बसलो आणि आपलं सहज सांगितलं, "उद्या चौकट हाय. माहेरचं कुणी न्हाई म्हणून हवालदारीणबाई पयला हात लावनार. पोलीस ठाण्यातनं आहेर येतोय म्हणं, ब्यांड लावून."

"पोलीस? आमच्या झुंबरीच्या चौकटीला?"

वटवाघळं उठली असणार.

दुसऱ्या दिवशी नवाच्या सुमाराला हौशीराम आला. अंगात धुतलेला सदरा, हातात नारळ. बांधापाशी अनिता हवालदारांनी काठी आडवी धरली.

"नाव?"

"हौशीराम."

"हुकमात तुमचंच नाव आहे. आत येता येणार नाही."

झुंबरबाई धावत आली. "सोडा वो मॅडम त्याला. मीच सांगते न्हवं?"

"मावशी, हुकूम कोर्टाचा आहे. तुमच्या सांगण्यावर मला मोडता येत नाही. उद्या काही झालं तर मलाच विचारतील."

हौशीरामानं नारळ बांधावर ठेवला आणि पाठ फिरवली. पाचेक पावलं गेला असेल. खोटं मी बोललो होतो, निस्तरायला मलाच हवं होतं.

"मॅडम, हौशीरामानं आत यायचं न्हाई, बराबर. पर चौकटीनं भाईर जायचं न्हाई, आसं कुटं लिवलंय?"

मॅडमनी कागद दोनदा वाचला. मग टोपी सारखी करत शिपायांकडं वळल्या. "बघताय काय? उचला."

दोन शिपाई, गवंडी आणि मी, अशा चौघांनी ती सागाची चौकट उभीच्या उभी बांधापर्यंत नेली. हौशीरामानं परत येऊन पलीकडून हळदकुंकू लावलं, नारळ फोडला आणि चौकटीवर हात ठेवला. अलीकडून झुंबरबाईनं ठेवला. मधे बोटभर लाकूड राहिलं. माझ्या खांद्याला कळ लागली होती, तरी मी हललो नाही.

"बंदोबस्त उठला की घरात ये," ती म्हणाली.

"बघू," तो म्हणाला. इतक्या हळू, की हा हौशीरामच का, असं मला वाटलं.

त्याला आता वर्ष होईल. घर झालं, वर पत्रे चढले. दार मी केव्हाचं करून ठेवलंय, पण झुंबरबाई बसवू देत नाही. "ऱ्हाऊ द्या आबा, एवढ्यात नको." दिवस कलला की ती दोघांच्या चहाचं आधण ठेवते आणि उंबऱ्यात येऊन बसते. हौशीराम गुरं वळवायच्या निमित्तानं बांधापर्यंत येतो, उभा राहतो, तसाच मागं फिरतो. ती हाक मारत नाही. त्यानं आपणहून यावं, असं तिच्या मनात.

त्या हुकमाची मुदत संपलीय, हे मी त्याला चारदा सांगितलं. पाचव्यांदा शपथ घेतली.

"ऱ्हाऊ द्या आबा," तो म्हणाला, "तुमची वटवाघळं म्या बी ऐकलीत."