ग्याल्जेन आपल्याच दिवसांना जेवायला आला

ग्याल्जेन मेल्याची बातमी आली तेव्हा यांगजी बटाट्याच्या सरीला माती लावत होती. सांगणारा वाफ्याच्या कडेला टोपी हातात घेऊन उभा राहिला. तिनं ती सरी पुरी केली, मग पुढची केली, आणि मग म्हणाली, "बरं. चहा घेऊन जा."

तिला सवय होती. नवरा चोमोलुंग्मा देवीच्या शिखरावर, साहेबांच्या एव्हरेस्टवर, गेला तो बर्फाच्या भेगेत राहिला. सहा वर्षांनी थोरला त्याच वाटेनं गेला आणि कड्यावरून सुटला. उरला हा एक. लग्नाचं नाव काढलं की पाठपिशवी भरायचा. यंदाही त्याला ती दारात आडवी झाली होती.

"आमा, मी बाबांसारखा निष्काळजी नाही," तो म्हणाला होता.

"तेही त्यांच्या बापाबद्दल असंच म्हणायचे," ती म्हणाली होती. तरी गेला.

बातमी पक्की होती, कारण ती एका दातांच्या डॉक्टरनं दिली होती. ग्याल्जेन ज्या परदेशी साहेबाला शिखरावर नेत होता तो हाच. साहेब जिवंत खाली आला आणि रडत रडत सगळ्यांना सांगू लागला, की ग्याल्जेननं माझ्या मांडीवर डोकं ठेवून प्राण सोडला. एवढ्या शिकल्यासवरल्या माणसाला जिवंत आणि मेलेला कळत नसेल असं कुणाच्या मनातही आलं नाही.

प्रेत नव्हतं. मग म्हाताऱ्या छुल्ठिम लामाजींनी रीतीप्रमाणे कागदावर ग्याल्जेनचं नाव लिहिलं, कागद त्याच्या जुन्या कोटाला टाचला, कोटासमोर बसून सात दिवस पोथी वाचली, त्याला पुढची सगळी वाट समजावून दिली आणि कागद जाळला. आठव्या दिवशी गावजेवण घातलं.

धुकं असं दाटलं होतं, की अंगणाच्या या टोकाहून त्या टोकाची पंगत दिसत नव्हती. यांगजी स्वतः वाढत होती. मटणाचा दाट शाक्पा, वर याकचं लोणी. कमी पडलं म्हणायची कुणाची हिंमत नव्हती. वाढत वाढत ती शेवटच्या माणसापाशी आली आणि पाहते तो ग्याल्जेन. नाक सोललेलं, ओठ फाटलेले, एका हाताला पायमोजा गुंडाळलेला. मांडी घालून बसला होता आणि रिकामी वाटी पुढे करत होता.

पंगतीनं त्याला पाहिलं होतंच. म्हणून तर सगळी पंगत आपापल्या वाटीत डोकं घालून बसली होती. गेलेला माणूस एकोणपन्नास दिवस घराभोवती घुटमळतो, कारण आपण मेलोय हे त्याला उमगलेलं नसतं. त्याला नावानं हाक मारायची नाही, त्याच्यासाठी रडायचं नाही, नाहीतर त्याचा पाय इथंच अडकतो. शेंबड्या पोरालाही हे ठाऊक. तेव्हा सगळे सभ्यपणानं त्याच्याकडे काणाडोळा करत होते.

"मी आलोय," ग्याल्जेन म्हणाला.

कुणी मान वर केली नाही. लामाजी मात्र काठी टेकत आले, त्याच्या कानाशी वाकले आणि मऊ आवाजात म्हणाले, "बाळा, तू मेला आहेस. घाबरू नकोस. मागं वळून बघू नकोस. पुढं जा."

"पुढं कुठं, लामाजी? मला भूक लागलीय."

"तसं वाटतं खरं. पण तो भास आहे."

"मग त्या भासाला वाटीभर शाक्पा वाढा."

"फार हट्टी आहे," लामाजी पंगतीला म्हणाले. "जिवंतपणीही असाच होता."

शेजारची डिकी कुजबुजली, "लामाजी, मेलेल्याची सावली पडत नाही म्हणतात."

"आज कुणाची पडलीय? तुझी तरी पडलीय का?"

"मग पायाचे ठसे बघा."

अंगणात फरशी होती. ठसे कुणाचेच नव्हते. "हात लावून बघायचा," कुणीतरी सुचवलं. "तू लाव." "मी का लावू? माझा आहे का तो?"

यांगजीनं वाटी भरली. त्यानं ती घेतली, आत बोटं घालून मुळ्याच्या फोडी वेचल्या आणि शेजाऱ्याच्या वाटीत टाकल्या. चौतीस वर्षं हाच चावटपणा. भुताला कसला आलाय मुळ्याचा तिटकारा! ती त्याच्यापुढं बसली, लोणी वाढायच्या मिषानं त्याचं मनगट धरलं. ऊन होतं. आत नाडी उडत होती.

"कुठं मेला होतास इतके दिवस?" ती दात आवळून म्हणाली.

"आमा, त्या साहेबाची प्राणवायूची बाटली संपली. माझी त्याला लावली. पाठीवर घेऊन खालच्या कड्यापर्यंत आणला, दोरानं सोडला, खालच्या दोघांनी झेलला. तेवढ्यात वादळ आलं आणि मी वरच राहिलो."

"तो म्हणतो, तू त्याच्या मांडीवर मेलास."

"मांडीवर? सगळी वाट तो माझ्या पाठीवर होता!" ग्याल्जेनला घास लागला. "मग रांगत रांगत कुणाच्यातरी फाटक्या तंबूत शिरलो. चार दिवस चीज आणि गोठलेल्या माशांचे डबे खाल्ले. नुसते मासे, आमा. वादळ निवल्यावर उतरलो तर तळावर आपलाच आचारी तांदूळ फेकून पळाला. वाटेत चहावालीनं दाराला कडी घातली. दोन दिवस पाण्यावर आहे."

यांगजीला मोठ्यानं ओरडावंसं वाटलं, की माझा पोर परत आला, बघा मेल्यांनो. ओरडणारही होती. पण तेवढ्यात धुक्यातून दीर्घमान साहेब आले.

हे मोहीम काढणाऱ्या कंपनीचे. काठमांडूहून सांत्वनाला आले होते. एका हातात खादा म्हणजे मानाचं पांढरं उपरणं, दुसऱ्या हातात ग्याल्जेनचा चौकटीतला फोटो. त्यांनी तोंड पाडून खादा पुढं केला, आणि फोटोतला माणूस समोर लोणी चाटताना पाहिला.

"अरे! जिवंत!" त्यांना खरोखर आनंद झाला. काडी विझायला लागते तेवढा वेळ टिकला. मग ते म्हणाले, "देवीची कृपा! सोमवारपासून हवा उघडतेय आणि माझ्याकडं एक माणूस कमी आहे. हाताला काय झालंय?"

"दोन बोटं काळी पडलीत."

"आठ आहेत ना? आठ म्हणजे पुष्कळ. तुझ्यासारखा माणूस साऱ्या खुंबूत नाही रे. त्या डॉक्टरला आणलास म्हणजे कमालच केलीस."

आणि यांगजीनं पाहिलं, की ग्याल्जेनची पाठ ताठ झाली. दोन दिवसांचा उपाशी, नाक सोललेला, पण एवढं कौतुक कानावर पडलं आणि गाढव तिथल्या तिथं उंच झालं. नवऱ्याची पाठ अशीच व्हायची. थोरल्याचीही.

ती उठली. पळी हातातच होती.

"कोण सोमवारी?" ती म्हणाली. "तो मेलाय."

"आमा, तो समोर जेवतोय."

"एकोणपन्नास दिवस जेवतात. आमच्यात पद्धत आहे."

"अहो, बोलतोय तो!"

"बोलतातही. लामाजींना विचारा."

लामाजींना आपल्या सात दिवसांच्या पोथीची काळजी होती. ते खाकरले. "नाव जाळलंय, साहेब. जळलेलं नाव परत कसं आणू? मी त्याला निम्म्या वाटेवर पोचवलाय. आता मागं फिरवला तर तो ना इकडचा ना तिकडचा."

"पण मला सरकारी यादीत नाव भरायचंय!"

"भरा की," यांगजी म्हणाली. "जिवंत माणसाचं भरा. मेलेल्याला वर नेलं तर तुमच्यावरच बालंट येईल."

दीर्घमान साहेबांनी कपाळाला हात लावला. "अजून एक्केचाळीस दिवस? तोवर बर्फावरच्या शिड्यासुद्धा काढतील. मोसम संपेल!"

"संपू दे. मेलेल्याला कसला मोसम?"

साहेबांनी तिचा नाद सोडला आणि ग्याल्जेनपुढं उकिडवे बसले. "तूच सांग. एकदाच विचारतो. जिवंत आहेस का मेलास?"

आता पंगत सरळ बघत होती. ग्याल्जेननं वाटी खाली ठेवली आणि आईकडं पाहिलं.

"बघू नकोस माझ्याकडं," यांगजी म्हणाली. "तुझ्या बापाचा हात धरून ओढला. थोरल्याला शिव्या घातल्या. तुझ्या वाटेत आडवी पडले. सगळं करून झालंय माझं. ती वर बसलेली देवी नेलेलं परत देत नाही. तुला तिनं आपणहून धाडलाय. पुन्हा तिच्या दारात गेलास तर ती काय म्हणेल, हिला पोर नीट ठेवता आला नाही का?"

"आमा, मला दुसरं काही येत नाही," तो हळू म्हणाला.

"मेलेल्याला काय यायला लागतं? बस आणि खा."

तो काळ्या पडलेल्या बोटांवरचा पायमोजा चाचपत राहिला. मग पाठ सैल सोडून म्हणाला, "मेलोय, साहेब."

"नक्की?"

"डॉक्टरांनी सांगितलंय ना. शिकलेला माणूस आहे."

"आणि पुढच्या वर्षी?"

"पुढच्या वर्षी तो कुठंतरी जन्मलेला असेल," लामाजी म्हणाले. "कुठं ते बघावं लागेल. मला वाटतं, याच घरात. हिच्या हातून सुटका कुणाला नाही."

दीर्घमान साहेब उठले, गुडघे झटकले आणि पंगतीवर नजर फिरवली. ती डिकीच्या मुलावर थांबली. "नुरू, मग तू चल. सोमवारी."

नुरूच्या तोंडात घास होता. तो उठणारच होता. डिकीनं त्याचा खांदा दाबून त्याला खाली बसवला.

"तोही मेलाय," ती म्हणाली.

"कधी?"

"आत्ताच. तुमच्यासमोर. शाक्पा घशात अडकून."

"माझाही," पलीकडची एक म्हातारी ओरडली. "मागच्या आठवड्यातच. सांगायचं राहून गेलं."

"आमचे दोघं. जुळे होते, एकदमच गेले."

साहेब अंगणाच्या मधोमध उभे होते आणि चारी बाजूंनी तरणीताठी माणसं पटापट मरत होती. लामाजींनी झोळीत हात घालून पाहिलं आणि विचारलं, "कुणाच्या घरी कागद आहे का? माझ्याकडं एकच उरलाय." कुणीतरी पंचांगाची मागची पानं फाडून आणायला पळालं. साहेबांनी खादा शेवटी लामाजींच्याच गळ्यात घातला आणि उतार धरला. गेलेली सगळी मंडळी दुसऱ्यांदा वाढून घेऊ लागली.

यांगजीला मटण पुरवायचं होतं, म्हणून ती कुणाशी बोलली नाही. फक्त डिकीच्या वाटीत वाढताना तिला राहवलं नाही.

"माझ्या पोराला मरायला चार दिवस बर्फात काढावे लागले," ती म्हणाली. "तुझा आयता बसल्या जागी मेला. लाज वाटू दे."